महानंदाचा कौल

पक्षाघातानंतर महानंदाकडे एकच शब्द उरला होता. 'बरं.'

चहा आणू का म्हटलं, की बरं. पाय दुखतोय का, बरं. पंखा चालू ठेवू की बंद करू, तरी बरं. डॉक्टरांनी तिच्या नवऱ्याला, मल्लिनाथ होनरावांना, पडद्यावर तिच्या मेंदूचं चित्र दाखवून समजावलं होतं. डाव्या बाजूला जिथं भाषा घडते, तिथला एक तुकडा रक्त न पोचल्यामुळे गेला होता. तिला बरंचसं समजत होतं, पण आतलं बाहेर यायची वाट बंद झाली होती. अशा वेळी जिभेवर रुळलेला एखादा शब्द मागे राहतो. तो रुग्ण बोलत नाही, आपोआप बाहेर पडतो. मानेचंही तेच. नाही म्हणायचं असतं आणि मान होकाराची हलते.

"तेव्हा त्यावर विसंबू नका," डॉक्टर म्हणाले होते.

मग कशावर विसंबायचं, हे त्यांनी सांगितलं नव्हतं.

मल्लिनाथांचं सोलापुरात मंगळवार पेठेत चष्म्याचं दुकान होतं. उभा जन्म त्यांनी लोकांच्या डोळ्यांपुढे भिंगं धरून एकच प्रश्न विचारला होता. हे स्पष्ट दिसतं, की हे? गल्ल्यावर महानंदा बसायची. तिचं आजारपण आलं आणि त्यांनी दुकान विकलं. आता दिवसभर ते तिचं सगळं करत. अंग पुसणं, कूस बदलणं, भरवणं, चादरी धुणं. सकाळी एक बाई भांडी घासायला येई, दुपारी फिजिओथेरपिस्ट येई, बाकी घरात दोघंच. ते थकले होते. हा थकवा झोपेनं जात नव्हता, कारण झोपही तुटक होती. कोणी विचारलं तर मात्र म्हणत, "चाललंय की."

टीव्ही दिवसभर चालू असे. आवाज हवा म्हणून.

त्या टीव्हीखाली साबणाच्या वडीएवढी एक काळी पेटी होती. महानंदा हिंडतीफिरती होती तेव्हाच ती आली होती. 'मोहर' नावाच्या वाहिनीनं राज्यातली काही हजार घरं निवडून तिथं या कौलपेट्या बसवल्या होत्या. दोघांचे चेहरे नोंदवून घेतले, वर्गणी माफ केली, आणि होनराव नवराबायको ती पेटी विसरूनही गेले.

प्रेक्षकांच्या मनात काय आहे हे जाणून घ्यायची वाहिन्यांची धडपड जुनीच. पूर्वी लोक पोस्टकार्डं पाठवत. पुढे फोन आले, संदेश आले. निवडक घरांत मीटर आले, त्यात टीव्हीसमोर बसणाऱ्यानं आपापलं बटण दाबायचं असे. लोक दाबायला विसरत. शिवाय खोटं बोलत. विचारलं तर म्हणत आम्ही चर्चा ऐकतो, आणि बघत सासूसुनांची भांडणं. कौलपेटीनं विचारणंच सोडून दिलं. हृदयाच्या दर ठोक्याला चेहऱ्याच्या कातडीखाली रक्त येतं आणि तिचा रंग किंचित बदलतो. आपल्या डोळ्याला ते दिसत नाही, पेटीतल्या कॅमेऱ्याला दिसतं. पेटीतून निघालेल्या बारीक रेडिओलहरी छातीवर आपटून परत येत, त्यावरून श्वास मोजला जाई. डोळ्याची बाहुली किती पसरली, भुवईचा स्नायू किती आवळला, हेही ती टिपत असे. या सगळ्यावरून पेटी दोनच गोष्टी ठरवी. समोरचं या माणसाला हवंय की नकोय, आणि किती.

सगळ्या घरांतले कौल एकत्र करून दुसऱ्या दिवशीचा भाग बेतला जाई. मालिकांत नट उरले नव्हते, चेहरे यंत्रच रंगवत होतं, त्यामुळे सकाळी बदललेली गोष्ट संध्याकाळी दाखवता येई.

एप्रिलमध्ये कंपनीची मुलगी पेटी तपासायला आली. समीना पटवेगार तिचं नाव. उन्हातून स्कूटरवर आलेली, चेहरा ओढणीनं गुंडाळलेला. मल्लिनाथांनी तिला माठातलं पाणी दिलं. ते पिऊन तिनं पेटीला आपला टॅब जोडला आणि बराच वेळ बघत राहिली.

"काका, काकू मालिका फार लक्ष देऊन बघतात, नाही?"

"बघत असेल. 'तुळजाई निवास' आवडीची तिची. आजारी पडायच्या आधीपासून लावतोय."

समीना घुटमळली. "आवडीची नाहीये."

"म्हणजे?"

"भांडणं सुरू झाली की त्यांचा कौल उलटा जातो. म्हणजे अगदी टोकाला. रोज."

मल्लिनाथांनी महानंदाकडे बघितलं. ती उशाला टेकून पडली होती, नजर छताच्या पंख्यावर.

"तिला बोलता येत नाही," ते म्हणाले. "चेहराही उजवीकडून लुळा पडलाय. पेटीला काय कळणार?"

"पेटी डावी बाजू धरते. आणि हलत नाहीत ना त्या, म्हणून उलट त्यांचंच सगळ्यांत स्वच्छ येतं. तुमचं बघा, काहीच धड नाही. तुम्ही सारखे उठताय, आत जाताय." तिनं टॅब मिटला आणि परत उघडला. "हे मी दाखवायला नको खरं तर. पण काकू बोलत नाहीत म्हणून."

तिनं टीव्हीच्या पडद्याच्या तळाशी दोन पट्ट्या आणल्या. एकीखाली महानंदाचं नाव, दुसरीखाली मल्लिनाथांचं. हवं असेल तर पट्टी उजवीकडे हिरवी वाढायची, नको असेल तर डावीकडे लाल. दुरुस्ती करताना कंपनीची माणसं हे बघत. समीनानं ते तसंच चालू ठेवलं.

"कुणाला सांगू नका तेवढं," ती म्हणाली आणि ओढणी गुंडाळून पुढच्या घराकडे गेली.

त्या संध्याकाळी मल्लिनाथ पट्टी बघत बसले. मालिकेतल्या थोरल्या जावेनं धाकटीच्या ताटात काहीतरी कालवलं आणि महानंदाची पट्टी सर्रकन लाल झाली. मग धाकटी गच्चीत एकटीच कपडे वाळत घालू लागली, तेव्हा लाल रंग ओसरला आणि हिरवा हळूहळू वाढला. सकाळी ते नेमानं भजनं लावत, तिला आवडतात म्हणून. दुसऱ्या दिवशी भजनं सुरू झाली आणि पट्टी लाल. त्यांनी वाहिनी बदलली. कुठल्यातरी डोंगरात बोगदा खणण्याविषयी कार्यक्रम चालू होता. मोठं यंत्र खडक कुरतडत होतं. पट्टी हिरवी.

"बोगदा?" त्यांनी विचारलं.

"बरं," महानंदा म्हणाली.

त्यांना हसू आलं. पुष्कळ दिवसांनी आलं.

पेटी फक्त पडद्यावरच्या गोष्टीवर कौल देते, हे त्यांच्या ध्यानात आलं होतं. मग त्यांनी मोबाइलवर स्वतःचंच चित्रण केलं आणि ते टीव्हीवर लावलं. पडद्यावरचे मल्लिनाथ थोडे अवघडून म्हणाले, "महानंदा, तुला उपमा हवा का?" पट्टी लाल. त्यांनी दुसरं चित्रण लावलं. "महानंदा, उपमा नको का?" पट्टी हिरवी. भिंगं तपासताना ते असंच करत. गिऱ्हाईक अंदाजानं बोलतंय असं वाटलं, की तेच भिंग फिरवून पुन्हा विचारायचं. त्यांनी चार-पाच वेळा उलटसुलट विचारून पाहिलं. तिचं उत्तर बदललं नाही.

गेले कित्येक महिने ते तिला रोज सकाळी उपमा भरवत होते. गिळायला सोपा म्हणून.

मग ते विचारतच सुटले. खिडकी उघडी हवी. जाड चादर नको. केस कापलेले आवडले नाहीत. फिजिओथेरपिस्ट नको, आणि तेही टोकाचं नको. ते हबकले, कारण माणूस चांगला होता आणि त्याच्यामुळेच तिला पाय थोडा उचलता येऊ लागला होता. त्यांनी एकेक करून विचारलं. हात दुखवतो का? नाही. उशिरा येतो, त्याचा त्रास होतो का? नाही. मोठ्यानं बोलतो का? पट्टी सरळ उजवीकडे गेली.

दुपारी तो तरुण आला आणि नेहमीसारखं "काय आजी, आज पाय उचलायचा ना" असं ओरडला, तेव्हा मल्लिनाथ म्हणाले, "गायकवाड, तिला ऐकू येतं. हळू बोला."

"सॉरी काका, सवय झालीय."

"मलाही झाली होती."

त्या दिवशी महानंदानं पाय रोजच्यापेक्षा जास्त वेळ धरून ठेवला.

असे काही आठवडे चांगले गेले. मल्लिनाथ दमत तर होतेच, पण आता कशासाठी दमतोय हे त्यांना दिसत होतं. एकदा धीर करून त्यांनी दुकानाचं विचारलं. "दुकान विकलं ते तुला पटलं का?" पट्टी लाल झाली आणि लालच राहिली. त्यांनी तिला तेव्हा विचारलं नव्हतं. म्हणजे विचारलं होतं, दवाखान्यात, तिच्या खाटेशी उभं राहून, आणि ती बरं म्हणाली होती. त्यांनी टीव्ही बंद केला. त्यानंतर त्यांनी मागचं काही विचारलं नाही.

मालिकाही बदलत चालली होती. 'तुळजाई निवास'मधल्या जावा भांडेनाशा झाल्या. एका भागात सून सासूचे केस विंचरत बसली आणि भाग संपला. दुसऱ्यात म्हातारा सासरा अंगणात खुर्ची टाकून बसला, शेजारी येऊन बसले, कोणी फारसं बोललं नाही. इतर मालिकांतही तेच सुरू झालं. भांडी घासायला येणाऱ्या बाईनं पहिल्यांदा तक्रार केली. "अप्पा, हल्ली कशात काही घडतच नाही हो. नुसते बसतात." महानंदाची पट्टी मात्र पूर्ण भाग हिरवी असे.

जूनमध्ये समीना पुन्हा आली. या वेळी तिनं टॅब काढला नाही. खुर्चीवर बसून राहिली.

"पेटी काढायचा हुकूम आहे, काका."

"का? आमचं काही चुकलं?"

"तुमचं नाही. कंपनीचं." तिनं समजावून सांगितलं. यंत्राला शिकवलं होतं, की ज्याचा कौल स्पष्ट येतो त्याला जास्त महत्त्व द्यायचं. कल्पना वावगी नव्हती. पण घरोघरी लोक जेवत, उठत, मोबाइलमध्ये डोकावत टीव्ही बघतात, त्यांचे कौल धूसर येतात. स्पष्ट येतात ते न हलणाऱ्यांचे. "अंथरुणाला खिळलेल्यांचे. राज्यभर अशी काही शे घरं असतील. काकूंसारखी. बाकी हजारो लोकांचं मत बाजूला पडलं आणि सगळ्या मालिका या एवढ्या माणसांच्या मनासारख्या होत गेल्या. कुणाच्या लक्षातच आलं नाही. जाहिरातवाले ओरडायला लागले तेव्हा कळलं."

मल्लिनाथ म्हणाले, "म्हणून सगळे येऊन बसत होते."

"कोण?"

"मालिकेत. कोणीतरी येऊन कोणाजवळ तरी बसायचं."

मल्लिनाथांनी महानंदाकडे बघितलं. कुठंकुठं कोणकोण असं पडून होतं, भिंतीकडे तोंड करून, छताकडे बघत, आणि त्या सगळ्यांना हवं होतं ते एकच निघालं.

"आता तुमचं घर अपात्र," समीना म्हणाली. "आजच न्यायची आहे खरं, पण मी उद्या दुपारी येते. नोंदीत आज घर बंद होतं असं टाकते."

"तुझ्यावर येईल."

"थोडं येईल. काय विचारायचं राहिलं असेल ते विचारून घ्या."

एकच प्रश्न राहिला होता, आणि तो त्यांनी मुद्दामच ठेवला होता.

मुलगी राजेश्वरी पुण्याला होती. ती कित्येक दिवसांपासून म्हणत होती, "अप्पा, आईला माझ्याकडे येऊ दे. घर तळमजल्यावर आहे, दिवसा नर्स ठेवू, मी घरूनच काम करते. तुमचं मोतीबिंदूचं ऑपरेशन करून घ्या. तुम्हाला धड दिसत नाही, तरी तुम्ही तिला उचलताय. कधीतरी दोघंही पडाल." ऑपरेशननंतर वजन उचलायचं नाही, वाकायचं नाही. महानंदा इथं असताना ते शक्य नव्हतं. पुण्यात ऑपरेशन करून घ्यायला मल्लिनाथ तयार नव्हते. सोलापुरातल्या ज्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी सगळी हयात त्यांच्याकडे गिऱ्हाइकं पाठवली, त्यांच्याशिवाय दुसऱ्याला ते डोळ्याला हात लावू देणार नव्हते. दर वेळी ते राजेश्वरीला म्हणत, "तिला इथंच करमतं." आणि ती विचारे, "तुम्ही विचारलंत तिला?"

विचारता येतं हे त्यांनी तिला सांगितलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळं आवरून त्यांनी चित्रण केलं. मोबाइल डब्याला टेकवून ठेवला. मग नेहमीसारखं आत-बाहेर न करता ते खाटेशेजारी खुर्ची ओढून बसले. हात मांडीवर ठेवून स्वस्थ बसण्याखेरीज त्यांच्यात काही उरलं नव्हतं. पडद्यावरचे मल्लिनाथ बोलू लागले.

"महानंदा, राजू म्हणते, आईला काही महिने माझ्याकडे घेऊन जाते. माझं डोळ्याचं होईपर्यंत. मी इथं असेन, तू तिथं. तू जावंस का?"

महानंदाची पट्टी डावीकडे सरकली. लाल. टोकाला नाही, पण अर्ध्याच्या वर.

मल्लिनाथांनी श्वास सोडला. ठीक, ते मनात म्हणाले, ती नको म्हणते, संपलं. आणि तेव्हा त्यांना दुसरी पट्टी दिसली. इतके दिवस ती नुसती लुकलुकत असे, कारण ते कधी स्वस्थ बसतच नव्हते. तिच्याकडे त्यांनी कधी पाहिलंही नव्हतं. आता ती स्थिर होती. 'मल्लिनाथ' या नावावरची ती पट्टी उजवीकडे पार टोकापर्यंत गेली होती. हिरवीगार.

त्यांना वाटलं डोळ्यांमुळे चुकीचं दिसतंय. ते पुढे वाकले. पट्टी तीच होती.

महानंदाही तिकडेच बघत होती. स्वतःच्या पट्टीकडे नाही, त्यांच्या.

"अगं, ते..." ते म्हणाले. खोटं आहे असं म्हणता येत नव्हतं. उपमा खरा, गायकवाडचा आवाज खरा, दुकान खरं, मग हेच कसं खोटं? ती जावी असं त्यांना वाटत होतं. किती दिवसांपासून वाटत होतं कोण जाणे. एक सकाळ अशी असावी की कुणाला उचलायचं नाही, कुणाला पुसायचं नाही. एक अख्खी झोप. हे त्यांनी स्वतःलाही सांगितलं नव्हतं, आणि आता ते भिंतीवर एवढं मोठं लागलं होतं, तिच्यासमोर.

ते उठले आणि स्वयंपाकघरात गेले. नळ सोडून उभे राहिले. धुवायला काही नव्हतं. शरमेनं कान तापले होते. बाहेर जाऊन तिला काय सांगायचं? की मी कंटाळलो नाही, दमलोय? तिला यातला फरक कळेल का? त्यांना तरी कळत होता का?

बाहेरून त्यांना स्वतःचाच आवाज आला.

"महानंदा, राजू म्हणते, आईला काही महिने..."

ते दारात आले. रिमोट महानंदाच्या डाव्या हातात होता. चित्रण संपलं की पडद्यावर गोल खूण यायची, पुन्हा पाहण्यासाठी. मधलं मोठं बटण दाबलं की झालं. ती एरवी रिमोट हातात धरे, पण दाबत नसे. आता अंगठा त्या बटणावर होता आणि डोळे पडद्यावर.

"...मी इथं असेन, तू तिथं. तू जावंस का?"

पट्टी आधी लाल झाली. मग तो लाल रंग आखडत आखडत मधोमध आला, तिथं थोडा थरथरला, आणि हिरवा होऊन उजवीकडे सरकू लागला. सावकाश. फार लांब गेला नाही. पण उजवीकडेच राहिला.

महानंदानं रिमोट गादीवर ठेवला.

मल्लिनाथ दाराला धरून उभे होते. पेटी फसवता येत नाही असं कंपनी सांगायची. रक्ताला, श्वासाला खोटं बोलता येत नाही. मग हे काय होतं? तिला जायचं नव्हतं, हे खरं. त्यांचा कौल बघितल्यावर तिला जावंसं वाटलं, हेही खरं. जन्मभर तिनं त्यांच्या मनासारखं करताना तोंडानं होकार दिला होता. आता तिचं रक्तच त्यांच्या बाजूनं वाहायला लागलं होतं, की तिला खरोखर त्यांच्याविषयी काही वाटलं होतं, हे पेटी सांगत नव्हती. हवंय की नकोय, आणि किती, एवढंच ती जाणत होती.

ते येऊन खाटेच्या कडेला बसले.

"मी दमलोय, महानंदा," ते म्हणाले. "तुझा कंटाळा नाही आला. पण फार दमलोय. मला सांगायला हवं होतं."

हे पडद्यावर नव्हतं, त्यामुळे पट्ट्या हलल्या नाहीत. तिनं डावा हात उचलून त्यांच्या गुडघ्यावर ठेवला. का ठेवला, ते त्यांना कळलं नाही. त्यांनी तो तसाच राहू दिला.

दुपारी समीना आली. पेटीच्या तारा सोडवून तिनं ती पिशवीत टाकली आणि टीव्हीखालच्या जागेवरची धूळ स्वतःच पुसली.

"विचारलंत?" तिनं विचारलं.

"विचारलं."

"मग?"

"दोघांचं कळलं," मल्लिनाथ म्हणाले. समीना अजून काही विचारील असं त्यांना वाटलं, पण तिनं फक्त पाणी मागितलं.

ती गेल्यावर त्यांनी राजेश्वरीला फोन केला आणि सगळं सांगितलं. पेटी, उपमा, दुकान, दोन पट्ट्या, तिनं पुन्हा दाबलेलं बटण. काही लपवलं नाही.

"अप्पा, तुम्ही मला आधी का नाही सांगितलंत?" राजेश्वरी म्हणाली.

"तू 'तिला विचारा' म्हणाली असतीस."

"आता काय करायचं म्हणता?"

"ने तिला. पण माझा डोळा बरा होईपर्यंत. मग मी येऊन घेऊन जाईन. हे तिच्यासमोर बोल, आणि हळू बोल. आणि खिडकीपाशी ठेव."

राजेश्वरी गाडी घेऊन आली. दोघांनी मिळून महानंदाला मागच्या सीटवर बसवलं. पाठीशी उशी, पायावर पातळ चादर. मल्लिनाथांनी तिचा पदर सारखा केला आणि दार लावलं. गाडी वळणावरून दिसेनाशी झाली तेव्हा ते घरात आले आणि कपडे न बदलता खाटेवर आडवे झाले. उठले तेव्हा दुसऱ्या दिवसाची सकाळ उलटून गेली होती. झोप लागल्याचं त्यांना वाईट वाटलं आणि बरंही वाटलं.

ऑपरेशन नीट झालं. पुतण्या दोन-चार दिवस सोबतीला राहिला आणि गेला. संध्याकाळी सवयीनं त्यांनी टीव्ही लावला. 'तुळजाई निवास'मध्ये थोरली जाऊ धाकटीच्या अंगावर भांडं फेकत होती. अंगणातली खुर्ची नव्हती, म्हातारा सासराही कुठं दिसेना. भांडी घासणारी बाई दारावरून जाताना डोकावून म्हणाली, "आता जरा बघण्यासारखं झालं की हो, अप्पा." त्यांनी मान डोलावली. ती गेल्यावर टीव्ही बंद केला आणि पुण्याला फोन लावला.

"आईच्या कानाशी धरतेस का?"

"धरते. काय विचारायचंय?"

"विचारायचं नाहीये काही."

फोन तिकडे सरकल्याचा आवाज आला. जन्मभर त्यांनी लोकांना विचारलं होतं. सांगायची सवय नव्हती.

"महानंदा, मी बोलतोय," ते म्हणाले. "डोळ्याची पट्टी काढली. दिसतंय. आपली बाहेरची भिंत मला पिवळट वाटायची ना, ती पांढरी आहे. पांढरीच होती, मलाच पिवळी दिसायची. समोरच्यांच्या दाराचा निळा रंग इतका निळा आहे, की मी खुर्ची टाकून बघत बसलो. आज पिठलं केलं, खारट झालं, तरी खाल्लं. सकाळी पडल्या पडल्या वाटलं की उठून तुझी कूस बदलायचीय, मग आठवलं. घर मोठं वाटतंय. झोप मात्र चांगली लागते, ते खोटं कशाला सांगू. दुकान विकायला नको होतं. तुला विचारायला हवं होतं."

ते थांबले. तिकडून काहीच ऐकू येत नव्हतं. फोन कट झाला असेल असं वाटून त्यांनी हाक मारली. "राजू? ऐकतेयस का?"

"इथंच आहे," राजेश्वरीचा आवाज लांबून आला. "बोला तुम्ही. ती ऐकतेय."

"कशावरून?"

"फोन माझ्या हातात नाहीये, अप्पा. तिनं काढून घेतला. मी मागतेय, तर सोडत नाहीये."

मल्लिनाथांनी खुर्ची खिडकीकडे ओढली आणि नीट टेकून बसले.

"बरोबर समोर आता एक पोरगी सायकल शिकतेय," ते म्हणाले. "सांगतो तुला."